अर्ध्या दाराचा डेस्क

महागाव,
रविवार, ५ जानेवारी २०२५

प्रिय दादा,
सप्रेम जयभीम.

अक्षर ओळखलंच असशील. पत्ता संघर्षने दिला. तुझ्या मुलावर रागावू नकोस, मीच त्याच्या मागे लागले होते. फोनही केला असता, पण बारा वर्षांपूर्वी दोनदा केला तेव्हा माझा आवाज ऐकून तू ठेवून दिलास. पत्राचं निदान पाकीट तरी फोडावं लागतं.

आई माझ्याकडेच असते, बरी आहे. ऐंशी पार झाली. डोळ्याचं ऑपरेशन झालं तरी भाकरी स्वतःच थापते, माझ्या हातची तिला जाड लागते. मी दोन वर्षांपासून मुख्याध्यापिका आहे, हे संघर्षने सांगितलं असेल.

आता पत्राचं कारण. आपल्या गावच्या शाळेला यंदा पंचाहत्तर वर्षं होतात. २६ जानेवारीला कार्यक्रम आहे, मला पाहुणी म्हणून बोलावलंय. शाळेची अडगळीची खोली साफ करताना तो डेस्क निघाला. समितीनं त्याला पॉलिश केलं आणि वऱ्हांड्यात पितळी पाटी लावून ठेवायचं ठरवलं. पाटीचा मजकूर त्यांनी माझ्या फोनवर पाठवला, शुद्धलेखन तपासायला. ‘दौतीचे भोक असलेला दुर्मीळ सागवानी डेस्क. कै. विठ्ठलराव पाटील यांच्याकडून शाळेस सप्रेम भेट.’

शुद्धलेखनाची एकही चूक नव्हती. मी फोन पालथा ठेवला आणि तिसरीच्या वर्गावर गेले.

दादा, बाबांची गोष्ट मला एकदा सरळ लिहून काढायची आहे, आणि ती वाचायला तुझ्याइतका हक्काचा माणूस दुसरा नाही.

बाबा त्याच शाळेत दोन वर्षं गेले, ते पायरीवर बसून. आत ताटपट्टी होती, पण ती आपल्या लोकांसाठी नव्हती. घरून पोतं न्यायचं, पायरीवर अंथरायचं, आणि दारातून जेवढा फळा दिसेल तेवढा पाटीवर उतरवायचा. ते हसत सांगायचे, “मले उजवीकडचे आकडे येतच नव्हते. दिसतच नव्हते तं येतीन कसे?”

मी शाळेत गेले १९८७ ला. तोवर आपण सगळे आत आलो होतो. पण ताटपट्टीला पुढचं टोक होतं आणि मागचं होतं, आणि मागचं, दाराजवळचं, उसवलेलं टोक कोणाचं हे कोणी न सांगता सगळ्यांना माहीत होतं. माझ्या डाव्या पायात यवतमाळच्या शिबिरात मिळालेला लोखंडी पट्ट्यांचा बूट. गुडघा वाकत नव्हता, मांडी घालता येत नव्हती. पाय समोर पसरला की बूट पुढच्या मुलीच्या पाठीला लागायचा. ती पाटलांच्या नात्यातली. तिनं घरी सांगितलं, बळीरामची पोरगी लाथ लावते. बाबा तेव्हा विठ्ठलराव पाटलांकडेच वर्षाच्या बोलीवर सालदार होते. मालकानं गोठ्यात उभं करून त्यांना ते ऐकवलं.

बाबा घरी येऊन एवढंच म्हणाले, “पोरगी खाली बसू शकत नाई ना, मंग आपण तिले वर बसवू.”

दिवाळीच्या सुट्टीत त्यांनी मला ओट्यावर बसवलं, सुतळीनं टाचेपासून गुडघ्यापर्यंत मापलं, कमरेपासून कोपरापर्यंत मापलं, सुतळीला गाठी मारल्या. लाकूड विकत घेण्याची गोष्टच नव्हती. आपल्या घराला एकच चांगली वस्तू होती, आजोबांनी कुठून तरी आणलेलं दोन फळ्यांचं सागवानी दार. बाबांनी त्यातली एक फळी उतरवली. आई म्हणाली, “कुत्रे घुसतीन ना घरात.” बाबा म्हणाले, “हाकलू.” वखराचं, तिफणीचं लाकूडकाम ते करतच होते, हात बसलेला होता. आठ दिवसांत डेस्क झाला आणि त्याला जोडीचा स्टूल. अर्ध्या दाराला आईनं तरट लावलं.

तू सोळा वर्षांचा होतास. डेस्क तू डोक्यावर घेतलास, स्टूल बाबांनी, मधून मी बूट वाजवत. पारावरची माणसं वळून पाहू लागली. देवीलाल गुरुजी वर्गाच्या दारात आले, डेस्क हातानं दाबून डगमगतो का पाहिलं आणि म्हणाले, “खिडकीपाशी ठेवा. उजेड येते तिकडून.”

त्या दिवशी आपल्या घरातल्या माणसाला त्या शाळेतला फळा पहिल्यांदा पूर्ण दिसला. मी सात वर्षांची होते, पण मान आपोआप ताठ झाली होती हे मला पक्कं आठवतं.

त्याच्या तीन आठवड्यांनंतरचं आज लिहीत नाही. तुला माहीत आहे. मला माहीत आहे हेही तुला माहीत आहे.

२६ तारखेला आलास तर आईला बरं वाटेल.

दीपा


महागाव,
रविवार, १२ जानेवारी

प्रिय दादा,

तुझं उत्तर येईल असं वाटलं नव्हतं, असं लिहिणार होते. पण पोस्टमनच्या सायकलची घंटी वाजली की आई आणि मी दोघीही दाराकडे पाहतो, तेव्हा खोटं कशाला लिहू.

काल गावी जाऊन आले. समितीचा अध्यक्ष शाम पाटील, विठ्ठलरावांचा नातू. मी तिसरीत होते तेव्हा तो पहिलीत होता. मी म्हटलं, “शाम, पाटी बदलावी लागते.” तो म्हणाला, “ताई, आमच्या घरात तं आबाजीनंच देल्ला म्हणून ऐकलं. तुमच्यापाशी काही पुरावा हाय का?”

होता. बाहेर पिकअपमध्ये होता. दाराची दुसरी फळी आईनं कधी टाकू दिली नाही. जुनं घर पडलं तेव्हा महागावला आणली, आता तिच्यावर आमच्या स्वयंपाकघरातले डबे असतात. ती उतरवून घेऊन गेले होते. डेस्कशेजारी ठेवली. लाकडाच्या रेषा एकीच्या दुसरीत जात होत्या. आणि ते दौतीचं भोक. तसंच भोक, त्याच मापाचं, आपल्या फळीलाही. दाराच्या कडीच्या साखळीची ती भोकं. दौत कसली दादा, आपल्या घरात शाईची बाटलीसुद्धा नव्हती तेव्हा.

शाम बराच वेळ दोन्ही भोकांत आळीपाळीनं बोट घालून पाहत होता. मग म्हणाला, “ताई, तू पाणी प्यायले गेली का मी बसून पाहो याच्यावर. एक दिवस आबाजीनं पाह्यलं. अशी थापड मारली का कान वाजत होता दिवसभर. मले तवा समजलंच नाई काहून मारलं ते.”

शेवटी तोच म्हणाला, “तुमी लिहून द्या. जे तुमी लिहाल ते टाकू.”

आता मजकूर मला लिहायचा आहे आणि पेन अडलंय. डेस्ककडे पाहणाऱ्याला पहिल्यांदा दिसतात ते त्याचे पाय. वर सागवान, खाली बाभूळ, मध्ये लोखंडी पट्ट्यांचा सांधा. पाय कापले होते, म्हणून जोडावे लागले. कोणी कापले?

मागच्या पत्रात लिहिलं नाही ते आता लिहिते. सगळी पोरं खाली आणि बळीरामची पोरगी वर, हे गावातल्या मोठ्या घरांना खुपत होतं. एका रविवारनंतर सोमवारी मी शाळेत गेले तर डेस्क पाटाएवढा झाला होता. बूट त्याच्याखाली जातच नव्हता. बाबा आले, त्यांनी कापलेले तुकडे उचलले आणि निघाले. गावभर झालं की पाटलांच्या गड्यांनी कापला. पण आदल्या संध्याकाळी तू नाल्यावरून आंघोळ करून आलास तेव्हा तुझ्या कानामागे भुसा होता. सागवानाचा. मी झटकला होता, आठवतं? तू माझा हात धरलास आणि लगेच सोडलास.

मी सव्वीस वर्षं कोणाला सांगितलं नाही. आणि नको त्या दिवशी सांगितलं. बाबा गेल्यावर त्यांच्या पुण्यानुमोदनाला लोक डेस्कची गोष्ट सांगत होते, गड्यांना शिव्या घालत होते, आणि तू मान खाली घालून जेवत होतास. मला ते सहन झालं नाही. वहिनीसमोर, संघर्षसमोर मी म्हणाले, “करवत कोणाच्या हातात होती ते मला माहीत आहे.” तू ताटावरून उठलास.

बरोबर होतं की चूक, हे मी बारा वर्षं ठरवतेय. ताटावरून उठवायला नको होतं, एवढं नक्की.

दीपा


महागाव,
रविवार, १९ जानेवारी

प्रिय दादा,

हे पत्र बसून वाच. गाडी चालवता चालवता वाचू नकोस.

शुक्रवारी देवीलाल गुरुजींना भेटायला गेले होते. ते उमरखेडच्या अलीकडे त्यांच्या बंजारा तांड्यावर असतात. चौऱ्याऐंशी वर्षांचे आहेत. कमी ऐकू येतं, स्मरण शाबूत आहे. गुरुजींच्या पत्नी रुपीबाईंनी “आव, बेस” म्हणून खाट टाकली. गुरुजींनी मला ओळखलं ते बुटाच्या आवाजावरून नाही, आता हलका बूट असतो. त्यांनी चेहऱ्यावरून ओळखलं. म्हणाले, “बळीरामच्या वळणावर गेली तू.”

मी पाटीचं सांगितलं. मग विचारलं, “गुरुजी, तुम्ही डेस्क आत कसा येऊ दिला? तुम्हाला कोणी काही बोललं नाही?”

“बोलले ना. पाटील सोता आले होते. म्हने, तो डेस्क काढा. मी म्हनलं, शाळा सरकारची हाय, कोन कुठं बसल ते मी पाहीन. पन खरं सांगू बाई, मी तांड्यातला मानूस. नोकरी लागली त्या दिवशी मास्तरच्या खुर्चीवर बसलो तं कडेलेच टेकलो होतो. म्हनून मले समजत होतं तुले त्या डेस्कवर बसून कसं वाटत असल.”

“मग कापला कोणी?” मी विचारलं. मला माहीत होतं तरी विचारलं. त्यांना काय माहीत आहे ते पाहायचं होतं.

गुरुजी म्हणाले, “तुया भावानं.”

दादा, मला वाटत होतं की हे जगात दोघांनाच माहीत होतं.

मग त्यांनी सगळं सांगितलं. त्या सोमवारी शाळा सुटल्यावर बाबा त्यांच्याकडे गेले होते. कापलेले तुकडे घेऊन. आपल्या करवतीचा एक दात मोडका होता, तिचा काप वेगळा पडायचा, दर बोटभर अंतरावर एक ओरखडा. बाबांनी सकाळी वर्गातच तो ओळखला होता. मग गोठ्यातल्या दुसऱ्या सालदारानं सांगितलं की शनिवारी मालकानं रतनला, म्हणजे तुला, बोलावून घेतलं होतं आणि म्हटलं होतं, डेस्क बराबरीचा कर, नाही तर तुझ्या बापाचं साल संपलं असं समज.

गुरुजींनी बाबांना विचारलं, आता पोराला काय करणार? त्यावर बाबा जे बोलले ते गुरुजींनी मला दोनदा सांगितलं, म्हणून मी शब्दाला शब्द लिहिते.

“गुरुजी, पोरानं माया भाकरीसाठी कापला डेस्क. आता मी ते भाकरच सोडून देतो. मंग त्याले कोनी भेवाडू शकनार नाई.”

बाबांनी मधूनच साल सोडलं ते यासाठी, दादा. आपण समजत होतो की पाटलांच्या गड्यांवरच्या रागानं सोडलं. ते वीटभट्टीवर गेले, दगडाच्या खाणीवर गेले, हात सोलून घेतले, पण पुन्हा कोणाचे सालदार झाले नाहीत. आणि आठ दिवसांत बाभळीचे पाय जोडून तोच डेस्क पुन्हा वर्गात ठेवला. त्या वेळी तू उचलायला आला नाहीस म्हणून मला राग आला होता. बाबांनीच तुला त्या दिवशी मामाकडे पाठवलं होतं, हे आईनं परवा सांगितलं.

मी गुरुजींना विचारलं, “बाबांनी दादाला कधीच का सांगितलं नाही, की त्यांना सगळं माहीत आहे म्हणून?”

“मी म्हनलं होतं सांग. तो म्हने, सांगतलं तं पोरगं मायाकडे पाहू शकनार नाई.”

इथे बाबांचं चुकलं असं मला वाटतं. न सांगताही तू पाहू शकला नाहीस. वणीला गेलास, कोळशाच्या ट्रकवर राहिलास, दिवाळीला आलास तर दोन दिवसांत परत. बाबा तुझ्या वाटेकडे पाहायचे आणि तू त्यांच्याकडे पाहायचा नाहीस. एकमेकांना जपता जपता सगळं आयुष्य काढलंत दोघांनी. आणि त्यात मी, एकटी शहाणी, भर ताटावर बोललेली.

पण राग बाजूला ठेवला तर आज मला दुसरंच काही वाटतंय. आपला बाप पायरीवर बसून दोन इयत्ता शिकला आणि एवढं समजून होता. मी डी.एड. केलं, बी.ए. केलं, माझ्या हाताखाली पाच शिक्षक आहेत. त्यांच्यापैकी कोणाला मी हे शिकवू शकत नाही. परवा आमच्या शाळेत नवे डेस्क आले, लहान मुलांना लहान, मोठ्यांना मोठे. कंत्राटदाराचा माणूस म्हणाला, मॅडम, एकाच मापाचे घ्या, मांडायला सोपे. मी टेप काढून पहिलीच्या पोरांच्या टाचेपासून गुडघ्यापर्यंत मापं घेतली. तो हसला. हसू दे. मी बळीरामची पोरगी आहे.

दीपा


महागाव,
सोमवार, २७ जानेवारी

प्रिय दादा,

तू आला नाहीस. आई पहिल्या रांगेत बसली होती, शेजारची खुर्ची तिनं पिशवी ठेवून अडवली होती. शेवटी शामनं विचारलं तेव्हा तिनं पिशवी उचलली आणि त्याला म्हणाली, “बस.” पाटलाचा नातू आणि आपली आई तुळसाबाई शेजारी शेजारी. गावानं पाहिलं.

पाटीवर हे लिहिलं आहे: ‘हा डेस्क बळीराम यांनी स्वतःच्या घराचे दार काढून मुलीला शिकता यावे म्हणून बनवला. तो त्यांचा मुलगा धम्मरत्न याने डोक्यावर वाहून या शाळेत आणला. १९८७.’

तुझं नाव मी घातलं. कोणाला विचारलं नाही. जे खरं आहे तेच लिहिलं आहे, एक अक्षर जास्त नाही.

भाषणात मी काय बोलले ते मला नीट आठवत नाही. दुपारी कार्यक्रम संपल्यावर पोरांनी डेस्कला गराडा घातला. गुरुजींना नातवानं मोटारसायकलवर आणलं होतं, त्यांनी डेस्क पुन्हा हातानं दाबून पाहिला. डगमगत नाही. मग तिसरीतली एक मुलगी, वर्षा नावाची, खाली वाकून पाय पाहू लागली. म्हणाली, “मॅडम, याचे पाय दोन रंगाचे काहून?”

सगळे ऐकत होते. शामही, आईही. मी म्हटलं, “एकानं भीतीनं कापले होते. मग माझ्या बाबांनी जोडले.”

“ज्यानं कापले त्याचं मंग काय झालं?”

शिक्षा झाली का, असं तिला विचारायचं असेल. पोरांना गोष्ट पूर्ण हवी असते. मी उत्तर द्यायला तोंड उघडलं आणि लक्षात आलं की मला माहीतच नाही. तू कोणता ट्रक चालवतोस, की आता चालवत नाहीस. तुझे केस पिकले का. जेवतोस कुठे. बारा वर्षांत मी संघर्षला तुझा पत्ता सोडून काही विचारलं नाही.

मी तिला म्हणाले, “विचारून सांगते.”

म्हणून विचारते, दादा.

दीपा


वणी
९ फेब्रुवारी

दीपे,
जयभीम.

तुये चारी पत्रं भेटले. पहिले तीन मी फोडलेच नव्हते. गाडीच्या डॅशबोर्डात ठेवले होते. चौथं संघर्षनं फोडलं आन मले वाचून दाखोलं, मंग बाकीचे मी सोता वाचले, तारखेनं लावून. तिसरं दोनदा वाचलं. दुसऱ्यांदा वाचून राह्यलो तवा गाडी भरून झाली होती आन मागचे ड्रायव्हर हॉर्न वाजवून राह्यले होते. मी गाडी काढलीच नाई. पंधरा मिनिटं लाईन अडकली खदानीत. साहेब आला पाहाले का ड्रायव्हरले काय झालं.

मले लिहाची सवय नाई. चुकलं तं समजून घेजो.

त्या पोरीले सांग, ज्यानं कापले तो ट्रक चालवते. तीस वर्षं झाले, एक ॲक्सिडेंट नाई. केस पांढरे झाले. शुगर हाय, पन कंट्रोलमंदी. लाकडाले हात लावला नाई त्यानं मंग कधी. घरची खाट मोडली तरी लोखंडी आनली.

आन हेबी सांग का त्याले शिक्षा झाली, पन कोनी देल्ली नव्हती. त्यानं सोताच घेतली. बापानं तं माफ केलं होतं आन याले पत्ताच नव्हता. अडतीस वर्षं.

बाबानं करवत ओळखली होती, हे वाचलं आन मले एक गोष्ट समजली. मी पहिल्यांदा वणीले निघालो तवा बाबा एस्टीपर्यंत आले होते. गाडी सुटली तं खिडकीतून म्हने, “रतन, तुया हातून कोनाचं वाईट होनार नाई, मले मालूम हाय.” मी समजलो का बाबाले काही मालूम नाई म्हनून असं म्हनते. मले लय शरम वाटली होती. आता समजलं का सगळं मालूम होतं म्हनूनच म्हने.

संघर्षले मी परवा बसवून सगळं सांगतलं, जसं झालं तसं. तुयी वहिनीबी होती. म्हनलं, पोरगं आता मान देते का नाई. तो उठला आन पानी घेऊन आला मायासाठी. मंग म्हने, “बाबा, डोक्यावर किती वजन होतं डेस्कचं?” म्या म्हनलं, लय होतं. पन उतरवावं असं वाटत नव्हतं. सगळे पाहून राह्यले होते ना, का बळीरामची पोरगी शाळेत चालली. माया जिंदगीत तेवढा मोठा मी पुन्हा कधी झालो नाई.

पाटीवर नाव टाकलं ते ठेवजो. मिटवजो नोको.

येत्या रविवारी सुट्टी काढली. आम्ही तिघंही येतो. आईले सांग, भाकरी तिच्याच हातची पाहिजे. आन दीपे, मले लगेच शाळेत नेजो नोको. पहिले घरी बसू. मागच्या टायमाले ताट अर्धं राह्यलं होतं.

धम्मरत्न